कोरडी जगबुडी

'मॅड मॅक्स २' संपत येतो तेव्हा भरधाव निघालेला एक अजस्र टँकर उलटतो. त्या टँकरमधल्या पेट्रोलसाठी तोवर कितीतरी माणसं मेलेली असतात, गाड्यांचा तर चक्काचूर झालेला असतो. टँकर हाकणारा मॅक्स धडपडत बाहेर येतो आणि बघतो तर फुटल्या टाकीतून वाळूची धार लागलेली. खरं पेट्रोल केव्हाच दुसऱ्या वाटेनं, एका बसमध्ये दडवलेल्या पिंपांतून निघून गेलं आहे. सगळा पाठलाग म्हणजे शत्रूला दिलेली हूल होती आणि ही गोष्ट नायकाला कोणी सांगितलेलीच नव्हती. मॅक्स किंचित हसतो. मग कळतं की सुरुवातीपासून आपल्याला ही हकीकत ऐकवणारा म्हातारा म्हणजे टँकरवर मॅक्ससोबत बसलेलं ते रानटी पोरगं. पुढे मोठं होऊन आपल्या टोळीचा म्होरक्या झालेलं.

अ‍ॅक्शन चित्रपटांच्या मालिकेत भाग वाढत जातात तसा नायक फुगत जातो. पहिल्या भागात चार माणसांना लोळवणारा पाचव्या भागात सैन्याला लोळवतो. जॉर्ज मिलर या ऑस्ट्रेलियन दिग्दर्शकानं १९७९ ते २०२४ या पंचेचाळीस वर्षांत 'मॅड मॅक्स'चे पाच चित्रपट केले आणि हिशेब अगदी उलटा मांडला. मॅक्स प्रत्येक भागात आपल्याच गोष्टीत थोडा मागे सरकतो. त्याच्याभोवतीचं उजाड जग मात्र दर खेपेला अधिक भरगच्च होत जातं. त्याचे देव, बाजार, शिव्या, शस्त्रक्रिया, सगळं. ही मालिका एवढी टिकली त्याचं कारण मला या उलट्या हिशेबात दिसतं. तो कुणी आधी बसून ठरवलेला नव्हता. पैशाची चणचण, अपघात, अवकाळी पाऊस आणि एका डॉक्टरची नजर यांतून तो जुळत गेला.

डॉक्टर म्हणजे खराखुरा डॉक्टर. मिलरचा जन्म १९४५ चा, क्वीन्सलंड राज्यातल्या चिंचिला या लहान गावातला. सपाट मुलूख, सरळसोट रस्ते, वेगाचं वेड आणि शनिवारची रात्र. वयात येतायेताच त्याच्या ओळखीतली पोरं गाड्यांच्या अपघातांत गेली होती. पुढे वैद्यकीचं शिक्षण घेऊन सिडनीच्या सेंट व्हिन्सेंट रुग्णालयात तो काम करू लागला आणि तिथल्या अपघात विभागात रस्त्यानं मोडलेली शरीरं रोज समोर येऊ लागली. दरम्यान १९७१ मध्ये एका चित्रपट कार्यशाळेत त्याची गाठ बायरन केनेडीशी पडली. केनेडी यंत्रं, गाड्या आणि पैशाची जुळवाजुळव यांत पटाईत. दोघांनी मिळून पहिला लघुपट केला तो पडद्यावरच्या हिंसेवरच होता. पहिल्या चित्रपटाचं भांडवल उभं करण्यासाठी त्यांनी काही काळ रात्री-अपरात्री घरोघर जाऊन तातडीची वैद्यकीय सेवा दिली. केनेडी गाडी चालवायचा, मिलर रोगी तपासायचा.

पटकथेत जेम्स मॅककॉसलंड नावाचा पत्रकार त्यांच्यासोबत होता. १९७३ च्या तेलसंकटानं जगभर जो हाहाकार माजवला तो त्यानं जवळून पाहिला होता. संपामुळे काही पंप बंद पडले, तर एरवी सभ्य असलेली माणसं टाकी भरण्यासाठी कशी हातघाईवर येतात, हे त्याच्या डोळ्यांत भरलं होतं. गाडी हेच जिथे पाय, तिथे पेट्रोल संपलं तर काय होईल? एवढ्या एका प्रश्नावर पुढची पंचेचाळीस वर्षं उभी आहेत.

पहिल्या 'मॅड मॅक्स'चा खर्च साडेतीन-चार लाख ऑस्ट्रेलियन डॉलर. आजच्याच नव्हे, तेव्हाच्याही मानानं फुटकळ. कथा 'थोड्याच वर्षांनी' घडते असं सुरुवातीला सांगितलं जातं त्याचं एक कारण निव्वळ व्यवहारी होतं. गजबजलेले रस्ते, माणसांची गर्दी, नीटनेटक्या इमारती परवडणाऱ्या नव्हत्या. ओस रस्ते आणि पडीक वास्तू फुकटात मिळत होत्या. मग हे ओसपण कथेतच आणून ठेवलं: व्यवस्था कोसळते आहे म्हणून सगळं असं दिसतं. पुढे शेकडो चित्रपटांनी, कॉमिक्सनी आणि व्हिडिओ गेम्सनी जी 'जगबुडीनंतरची' दृश्यशैली उचलली तिचा उगम असा रिकाम्या खिशात आहे.

काटकसरीच्या कथा तर दंतकथाच झाल्या आहेत. पोलिसांच्या कातडी पोशाखांपैकी मोजकेच खऱ्या चामड्याचे, बाकीचे रेक्झिनसारख्या नकली कापडाचे. टोळीतले दुय्यम गुंड म्हणजे बरेचसे खरेखुरे बाइकर. सुरुवातीच्या पाठलागात उडवायला व्हॅन हवी होती, तेव्हा मिलरनं आपली स्वतःची निळी माझदा बळी दिली. टोळीप्रमुख 'टोकटर' झालेला ह्यू कीझ-बर्न हा तर शेक्सपिअरच्या नाटकांत मुरलेला नट. रॉयल शेक्सपिअर कंपनीबरोबर दौऱ्यावर ऑस्ट्रेलियात आला आणि तिथलाच झाला. त्याच्या गुंडगिरीत जी एक लाडिक, नाटकी लय आहे ती त्या रंगभूमीची. हे नाव लक्षात ठेवावं, ते पुन्हा येणार आहे.

आज पहिला भाग पाहणारा प्रेक्षक बहुधा गोंधळतो, कारण त्यात वाळवंट नाही. हिरवी शेतं आहेत, आइसक्रीमचं दुकान आहे, समुद्रकिनारी सुट्टी आहे, रुग्णालय आहे, वकीलही आहेत. मॅक्स रॉकाटान्स्की हा महामार्ग पोलीस आहे, घरी बायको आणि तान्हं बाळ आहे. कायदा अजून मेलेला नाही, नुसता धापा टाकतो आहे. साक्षीदार भीतीनं फिरकत नाहीत म्हणून पकडलेला गुंड सुटतो. न्यायमंदिराच्या फलकाची अक्षरं निखळलेली आहेत. मला पाचही भागांत हाच सर्वांत भयंकर वाटतो. पुढच्या भागांतलं जग आपल्यापासून सुरक्षित अंतरावर आहे, हे मात्र पुढच्या वळणावरचं आहे.

आणि इथे डॉक्टर दिसतो. या चित्रपटानं रक्ताचे पाट दाखवले असं लोक शपथेवर सांगतात. न्यूझीलंड आणि स्वीडननं तर त्यावर बंदी घातली. स्वीडनमध्ये ती २००५ पर्यंत होती. प्रत्यक्षात मॅक्सच्या बायको-बाळाला मोटारसायकली चिरडतात तेव्हा पडद्यावर फक्त रस्त्यावर घरंगळणारा चेंडू आणि एक बूट दिसतो. त्याचा जोडीदार जाळला जातो, तर आपल्याला दिसतो फक्त चादरीतून निसटलेला काळवंडलेला हात आणि तो पाहणाऱ्या मॅक्सचा चेहरा. अपघात विभागात काम केलेल्या माणसाला पक्कं ठाऊक असतं की जखमेपेक्षा ती पाहणाऱ्याचं तोंड जास्त बोलतं. बाकीचं काम संकलनाचं. मिलर मूकपटांचा भक्त. बस्टर कीटनच्या काळात हाणामारी, धावपळ, पडझड हीच कथा असायची आणि ती शब्दांवाचून जगभर कळायची. त्याला तसा मूकपट करायचा होता, फक्त इंजिनाच्या आवाजासह. पैसे संपल्यावर तो स्वतः संकलनाला बसला आणि महिनोन् महिने आपल्याच चुका पुन्हा पुन्हा पाहत राहिला. आपण या धंद्याचे नव्हेच, असं तेव्हा वाटायचं हे त्यानं पुढे अनेकदा बोलून दाखवलं आहे.

चित्रपटानं जगभरात दहा कोटी डॉलरच्या पुढे कमाई केली. खर्चाच्या तुलनेत सर्वाधिक नफ्याचा चित्रपट म्हणून त्याची नोंद गिनेस बुकात झाली आणि 'द ब्लेअर विच प्रोजेक्ट' येईपर्यंत वीस वर्षं टिकली. अमेरिकेत मात्र वितरकांना ऑस्ट्रेलियन उच्चार झेपेनात. सगळे संवाद अमेरिकन आवाजांत पुन्हा भरले गेले, खुद्द मॅक्स झालेल्या मेल गिब्सनचेसुद्धा. तिथे चित्रपट फारसा कोणाला कळलाच नाही, म्हणून दुसरा भाग अमेरिकेत 'द रोड वॉरियर' अशा स्वतंत्र नावानं लागला.

मिलरला खरं चक्रावून टाकलं ते इतर देशांनी. जपानी प्रेक्षकांना मॅक्स म्हणजे धनी गमावलेला सामुराई वाटला. स्कँडिनेव्हियात त्याला एकाकी व्हायकिंग म्हणाले, तर फ्रेंच समीक्षकांनी चित्रपटाला चाकांवरचा वेस्टर्न ठरवलं. आपण एका ऑस्ट्रेलियन पोलिसाची सूडकथा केली अशी त्याची समजूत होती. मग जोसेफ कॅम्पबेलचं जगभरच्या मिथकांमधल्या समान नायकावरचं लेखन त्याच्या वाचनात आलं आणि त्याला वाटलं, आपल्या हाती नकळत काहीतरी जुनंपुराणं लागलेलं आहे. दुसरा भाग या समजुतीनं केलेला आहे.

आता पैसा दहापटीहून अधिक होता. न्यू साउथ वेल्समधल्या ब्रोकन हिल या खाणींच्या गावाजवळची लाल माती, डोळा पोचेल तिथवर सपाट. आरंभी जुन्या युद्धचित्रफितींवर म्हाताऱ्याचा आवाज सांगतो की तेलासाठी दोन मोठ्या टोळ्या भिडल्या आणि सगळं बुडालं. मॅक्स इथे जवळजवळ मुका आहे. संपूर्ण चित्रपटात त्याच्या तोंडी सोळाच्या आसपास वाक्यं, तीही त्रोटक. तो श्वानान्नाचा डबा फोडून खातो आणि उरलेलं कुत्र्याला देतो. त्याला कुणाला वाचवायचं नाही, टाकीभर पेट्रोल हवं आहे. वाळवंटातल्या तेलविहिरीपाशी कुंपण घालून राहिलेल्या लोकांशी तो सरळ सौदा करतो.

वेशभूषाकार नॉर्मा मॉरिसो हिनं पंक पोरांचे तुरे, चामड्याचे पट्टे, खेळाडूंचे खांदेकवच असं सापडेल ते जुळवून गुंडांना जे रूप दिलं त्याची नक्कल अजून संपलेली नाही. १९८३ मध्ये सुरू झालेल्या 'होकुतो नो केन' या जपानी मांगामध्ये तो वेश सरळ दिसतो, 'फॉलआउट' या संगणकीय खेळातही दिसतो. कॅलिफोर्नियाच्या वाळवंटात तर दरवर्षी हजारो हौशी लोक असे कपडे करून जमतात.

शेवटचा टँकरचा पाठलाग हा अ‍ॅक्शन चित्रपटांच्या इतिहासातला मैलाचा दगड आहे. ते सगळं रस्त्यावर, खऱ्या वेगात केलेलं आहे. गाय नॉरिस नावाचा विशीतला स्टंटमन मोटारसायकलवरून उडून जाण्याच्या दृश्यात अंदाज चुकून पाय गाडीवर आपटून हवेत गरगरत गेला. पाय मोडला, दृश्य मात्र चित्रपटात राहिलं. टँकर उलटवण्याच्या दिवशी चालकाला उपाशीपोटी राहायला सांगितलं होतं, न जाणो शस्त्रक्रिया करावी लागली तर. पण हा पाठलाग केवळ धाडसामुळे श्रेष्ठ नाही. कोणती गाडी कुठे आहे, कोण कुणाच्या डावीकडून येतोय, कुणाकडे किती काडतुसं उरली आहेत, हे प्रेक्षकाला प्रत्येक क्षणी ठाऊक असतं. धुरळ्यातही भूगोल स्पष्ट आहे. आजच्या कित्येक महागड्या चित्रपटांना एवढं एक साधत नाही.

तिसऱ्या भागाबद्दल थोडक्यात बोललेलं बरं. जुलै १९८३ मध्ये बायरन केनेडी हेलिकॉप्टर अपघातात गेला. मिलरचं मन कामातून उडालं. १९८५ च्या 'बियॉण्ड थंडरडोम'साठी त्यानं जॉर्ज ओगिल्वी या रंगभूमीवरच्या सहकाऱ्याला बरोबर घेतलं आणि दिग्दर्शन वाटून घेतलं. पॉपसंगीतातली बडी असामी टीना टर्नर इथे 'बार्टरटाउन' नावाच्या बाजारपेठेची मालकीण आहे. पहिला अर्धा भाग चमकदार. पेट्रोल आता संपल्यात जमा आहे. मॅक्सची गाडी उंट ओढतात आणि शहर चालतं डुकरांच्या शेणापासून काढलेल्या मिथेनवर. ज्यांनी गोबर गॅसचे संच पाहिले आहेत त्यांना ही कल्पना बिलकूल अद्भुत वाटणार नाही, उलट मालिकेतली सर्वांत शहाणी माणसं इथेच भेटल्यासारखं वाटेल. मग मॅक्स अनाथ मुलांच्या वसाहतीत जातो आणि चित्रपट एकदम बाळबोध होतो. हिंसेला कात्री, शेवटचा पाठलाग जवळपास विनोदी. चाहते या भागावर रुसले ते उगाच नव्हे.

पण त्या मुलांकडे एक गोष्ट आहे. विमान कोसळून इथे अडकलेल्या माणसांची ही पोरं. मोठे मदत आणायला गेले ते परतले नाहीत. मुलं गुहेत जमून आपला इतिहास सांगतात. भिंतीवर चित्रं काढलेली, हातात काठ्यांची चौकट, ती ज्या चित्रावर धरायची तेवढा प्रसंग सांगायचा. कुठे शब्द बिघडलेले, कुठे क्रम बदललेला, पण सूर पक्का. आणि मॅक्स दिसताच ती त्याला आपला हरवलेला कप्तान समजतात, कारण कथेत एक जागा रिकामी आहे आणि ती भरायला कोणीतरी हवं आहे. चित्रपट संपतो तेव्हा मोडक्या सिडनीत त्यांतलीच एक मुलगी पुढच्या पोरांना हीच हकीकत सांगते आहे, आता तीत मॅक्सही आलेला आहे.

इथे मालिकेची किल्ली सापडते. चाहते वर्षानुवर्षं हिशेब मांडत बसले आहेत: दुसऱ्या भागात जळून खाक झालेली मॅक्सची काळी फोर्ड फाल्कन चौथ्या भागात परत कशी येते? जग बुडण्याआधी पोलिसात असलेला माणूस एवढ्या वर्षांनी तरुण कसा? सगळी वर्षं जुळवणारे तक्ते केले गेले, तरी काही जुळत नाही. जुळण्याची गरजच नाही. कीर्तनकार एकच आख्यान दोन गावांत दोन तऱ्हांनी रंगवतो तेव्हा श्रोता तारखा तपासत नाही. मिलरचे चित्रपटही असेच आहेत, कुणीतरी नंतर सांगितलेले. सांगणारा बदलला की गाडी परत येते, नटही बदलू शकतो. सलग कालक्रमाच्या जोखडाखाली आपल्याच वजनानं खचलेल्या मालिका आपण पुष्कळ पाहिल्या. या मालिकेनं ते जोखड मानेवर घेतलंच नाही.

त्यानंतर तीस वर्षं मॅक्स गायब. मिलरनं या काळात काय केलं? 'लॉरेन्झोज ऑइल' हा दुर्मिळ आजारावरचा चित्रपट, ज्यात त्याची वैद्यकी उघड दिसते. बोलक्या डुकराच्या पिल्लाचा 'बेब' त्यानं लिहिला आणि निर्माण केला. नाचऱ्या पेंग्विनांच्या 'हॅपी फीट'ला तर ऑस्कर मिळालं. गाड्या उडवणारा माणूस आणि पेंग्विन नाचवणारा माणूस एकच, हे पचायला अनेकांना जड जातं. पण 'हॅपी फीट'नं त्याला एक शिकवण दिली, कॅमेरा कुठेही ठेवता आला तर दृश्याची बांधणी कशी करायची. ती पुढे कामी आली.

'फ्युरी रोड'ची कल्पना त्याला १९९० च्या दशकाअखेर सुचली: लुटारू भांडतात ते तेलासाठी किंवा पाण्यासाठी नव्हे, माणसांसाठी, आणि सगळा चित्रपट म्हणजे एकच पाठलाग. २००३ च्या सुमारास गिब्सनला घेऊन सगळी तयारी झाली, तेवढ्यात इराक युद्ध पेटलं, डॉलर घसरला, जहाजवाहतूक अवघड झाली, काम बारगळलं. तेलाच्या युद्धावरचा चित्रपट तेलाच्या मुलखातल्या युद्धानं अडवला. पुन्हा जमवाजमव झाली, टॉम हार्डी मॅक्स ठरला, ब्रोकन हिलला जायचं ठरलं. तर तिथे कित्येक वर्षांत पडला नव्हता एवढा पाऊस पडला आणि लाल वाळवंट फुलांनी भरून गेलं. जग करपलंय असं दाखवायला आलेल्या मंडळींपुढे हिरवळ! शेवटी सगळा सरंजाम बोटीनं नामिबियाला नेला आणि २०१२ मध्ये नामिब वाळवंटात चित्रीकरण झालं.

रूढ अर्थाची पटकथा तेव्हा नव्हती. होती ती सुमारे साडेतीन हजार चित्रचौकटींची मालिका, ब्रेंडन मॅकार्थी या कॉमिक्सच्या चित्रकारासोबत मिलरनं रेखाटून घेतलेली. नटांना महिनोन् महिने धुरळ्यात दोन-दोन सेकंदांचे तुकडे करावे लागत होते आणि त्यांतून काय जुळणार हे फक्त मिलरच्या डोक्यात. हार्डी आणि नायिका फ्युरिओसा झालेली शार्लीझ थेरॉन यांच्यात बऱ्याच कुरबुरी झाल्या. २०१५ मध्ये कान महोत्सवात हार्डीनं सर्वांसमोर मिलरची माफी मागितली: हा माणूस काय पाहत होता ते त्याला आम्हाला शब्दांत सांगता येणं शक्यच नव्हतं, असा त्याचा आशय होता. टँकरमध्ये वाळू आहे हे याही मॅक्सला ठाऊक नव्हतं म्हणायचं. स्टुडिओचा धीरही सुटत चालला होता. मुदत संपली तसं काम थांबवावं लागलं आणि खलनायकाच्या गडावरचे, म्हणजे आरंभाचे आणि शेवटाचे प्रसंग राहूनच गेले. ते पुढच्या वर्षी सिडनीत केले गेले. आरंभ आणि शेवट नसलेला पाठलाग घेऊन कुणी थिएटरात गेलं असतं का, हा प्रश्न स्टुडिओला उशिरा का होईना पडला.

संकलन मार्गारेट सिक्सेलचं. ती मिलरची पत्नी, तोवर अ‍ॅक्शन चित्रपट कधी न केलेली. मुद्दामच तिला घेतलं, नाहीतर हा चित्रपट इतरांसारखाच दिसला असता, असं मिलरचं म्हणणं. तिच्यापुढे ४८० तासांचं चित्रण होतं, त्यातून दोन तास काढले. 'मॅड मॅक्स २'मध्ये सुमारे १,२०० कट होते. इथे २,७०० च्या आसपास, म्हणजे सरासरी पावणेतीन सेकंदांना एक. एवढा वेग असून डोकं गरगरत नाही, कारण जॉन सील या निवृत्तीतून परतलेल्या छायाचित्रकारानं महत्त्वाची गोष्ट प्रत्येक वेळी चौकटीच्या मध्यभागी ठेवली. तुकडा बदलला तरी नजरेला इकडेतिकडे शोधावं लागत नाही. युक्ती साधी आहे, पण ती सगळा चित्रपट आधीच डोक्यात जोडून झालेल्या माणसालाच वापरता येते.

'सगळं खरं आहे, संगणकाचं काही नाही' ही मात्र लोककथा. गाड्या खऱ्या होत्या, दीडशेच्या घरात. लवचिक खांबांवर झुलत एका गाडीवरून दुसरीवर झेपावणारी माणसंही खरी, आणि ती उभी करणारा तोच गाय नॉरिस, १९८१ मध्ये पाय मोडून घेतलेला. पण वाळूचं वादळ संगणकावर घडवलेलं आहे, फ्युरिओसाचा तुटका हात तिथेच पुसलेला आहे, आकाश आणि माती रंगवलेली आहे. अशी दोन हजारांच्या आसपास दृश्यं आहेत. वजन आणि टक्कर खरी ठेवायची, हवा आणि रंग बनवायचे, अशी ही विभागणी. खोटं कुठे आहे ते डोळ्याला सापडत नाही, कारण गाडी आदळल्यावर बसणारा हिसका खराच असतो.

आणि मॅक्स? पहिला अर्धा तास तो लोखंडी मुसक्या बांधून गाडीच्या पुढ्यात लटकवलेला आहे. त्याचा रक्तगट सर्वांना चालणारा, म्हणून आजारी सैनिकाला रक्त पुरवणारी जिवंत पिशवी. कथा फ्युरिओसाची आहे: हुकूमशहा इमॉर्टन जोच्या पाच बायकांना सोडवून टँकर पळवणारी एकहाती सेनानी. या जोच्या भूमिकेत कोण, तर पहिल्या भागातला टोकटर, ह्यू कीझ-बर्न, छत्तीस वर्षांनी. जोच्या ताब्यात पाणी आहे. ते तो कड्यावरून क्षणभर सोडतो आणि पाण्याची चटक लावून घेऊ नका असा उपदेश करून तोटी बंद करतो. पेट्रोलच्या टंचाईपासून निघालेली मालिका इथे पाणी, दूध, रक्त आणि गर्भाशयापर्यंत पोचली आहे. टंचाई असते तिथे मालक कसे तयार होतात, याचं इतकं नेमकं चित्र मी इतर मनोरंजनपटांत क्वचित पाहिलं.

शेवटी फ्युरिओसाच्या बरगडीत वार होतो, छातीच्या पोकळीत हवा भरून फुप्फुस दबतं. मॅक्स तिच्या कुशीत छिद्र पाडून ती हवा बाहेर काढतो आणि मग आपली नळी तिला जोडून रक्त देतो. दोन्ही उपचार अपघात विभागातले, नेहमीचे. बाकीच्या अ‍ॅक्शनपटांत या घडीला नायक खलनायकाला ठोसा मारत असतो. मिलरचा नायक परिचारकाचं काम करतो आणि त्या वेळी कुठे आपलं नाव सांगतो. चित्रपटाला दहा ऑस्कर नामांकनं आणि त्यांतली सहा बक्षिसं मिळाली, सिक्सेलच्या संकलनासह.

२०२४ चा 'फ्युरिओसा' तिचीच पूर्वकथा सांगतो. अन्या टेलर-जॉय मोठी फ्युरिओसा, क्रिस हेम्सवर्थ तिच्या आईचा मारेकरी डिमेंटस. 'फ्युरी रोड' तीन दिवसांचा आहे, हा पंधरा वर्षांचा, प्रकरणांत विभागलेला. पाठलागाची धार थोडी बोथट झाली आहे आणि संगणकाचं काम या वेळी डोळ्यांत खुपतं, हे मान्य करावं लागतं. तरी मधला टँकरवरचा हल्ला, पंधरा मिनिटांचा, ज्याला चित्रीकरणाचे ७८ दिवस लागले, तो मालिकेतल्या उत्तम तुकड्यांत मोडतो. मॅक्स दिसतो का? दिसतो. कड्यावर गाडीला टेकून उभी असलेली एक आकृती, काही क्षण, एक शब्दही नाही. तीसुद्धा हार्डी नव्हे, त्याचा स्टंट डबल.

त्याची जागा घेतली आहे ती अंगभर मजकूर गोंदवून घेतलेल्या एका म्हाताऱ्यानं. कागद टिकत नाही अशा जगातला हा चालताबोलता बखरकार. सगळी कथा तो सांगतो. फ्युरिओसानं डिमेंटसचा सूड कसा घेतला, याविषयी तो एकामागून एक वदंता ऐकवतो आणि मग खुद्द तिनं आपल्या कानात कुजबुजलेली, सर्वांत अविश्वसनीय अशी एक हकीकत पुढे ठेवतो. मिलर ती दाखवतो, खरी असल्याची हमी देत नाही.

तिकीटबारीवर मात्र 'फ्युरिओसा' आपटला. सुमारे १७ कोटी डॉलर खर्चाच्या चित्रपटानं जगभरात जेमतेम तेवढीच कमाई केली, आणि थिएटरवाल्यांचा वाटा वजा जाता हे तोट्याचंच गणित. नावातला मॅक्स पडद्यावर नसेल तर प्रेक्षक येत नाही, असा निष्कर्ष अनेकांनी काढला. मला तो घाईचा वाटतो. 'फ्युरी रोड'ही पहिल्या आठवड्यात तुफान चालला नव्हता, त्याचा दबदबा वाढला तो नंतर. मिलरकडे 'द वेस्टलँड' नावाची आणखी एक कथा लिहून तयार आहे, निको लाथोरिसच्या साथीनं रचलेली, जो १९७९ च्या पहिल्या भागात नट होता. ती मॅक्सची आहे, 'फ्युरी रोड'च्या आधीच्या वर्षातली. तिच्यावर पैसा लावायचा की नाही हे स्टुडिओच्या हाती. मिलरनं आता ऐंशी ओलांडली आहे.